दोन्ही बाजूंनी रंगवलेला शिडमासा

मी एक जुना शिडमासा आहे. संग्रहालयाच्या मोठ्या दालनात शिरलात की मान वर करा, मधोमध दोन तारांवर टांगलेली मी दिसेन. एक गोष्ट आधीच सांगून टाकते, म्हणजे नंतर कुरकुर नको. मी मादी आहे. आमच्यात माद्याच थोराड असतात. पण खालच्या पाटीवर कुणीतरी 'समुद्राचा राजा' असं लिहून ठेवलंय आणि येणारा-जाणारा 'केवढा हा!' म्हणत तोंड उघडं टाकतो. म्हणोत बापडे. मी मात्र 'आले, गेले' असंच बोलणार. आणि मेल्यावर बोलते कशी, असंही विचारू नका. जिवंतपणी तोंडात कायम काहीतरी असायचं, बोलायला सवडच मिळाली नाही.

मित्रांनो, मला जरा नीट बघून घ्या. पाठीवर हे जे उभं पसरलंय ना, ते माझं शीड. जहाजाच्या शिडासारखं, माझ्या अंगापेक्षाही उंच, आणि त्यावर शाईचे शिंतोडे उडावेत तसे ठिपके. हे सारखं उघडं ठेवायचं नसतं बरं का! वेगात जायचं असलं की ते मिटून पाठीवरच्या खाचेत जायचं, छत्री मिटावी तसं. शेपूट बघा, विळ्यासारखी दुभागलेली. पोटाखाली लोंबणारे दोन बारीक पर बघा. आणि तोंडापुढची ही लांब चोच! लोक तिला तलवार म्हणतात आणि समजतात, ही बया माशांना भोसकत सुटत असेल. छे हो! भोसकलेला मासा चोचीच्या टोकावर अडकून बसला तर मी तो खाणार कशी? माझ्या चोचीला बोट लावून पाहिलंत तर कळेल. ती धारदार नाही, खरखरीत आहे. मुळात तिच्या दोन्ही कडांना बारीक बारीक दाते असतात, कानशीला असतात तसे. ती भोसकायला नाही, झोडपायला असते.

आमची शिकार बघायला हवी होती तुम्ही! अजून आठवलं की या वाळलेल्या कातडीखाली काहीतरी हलतं, मग भले आत नुसतं प्लॅस्टर का असेना. उघड्या समुद्रात तारल्यांचा, त्या बारक्या चंदेरी मासळ्यांचा, थवा सापडला की आम्ही सगळ्या त्याला घेरायचो. तारल्या घाबरल्या की एकमेकींना बिलगतात, आणि हजारो तारल्यांचा मिळून एक चकचकीत गोळा होतो. आम्ही शिडं उभारून भोवती फिरायचो. तेवढ्यानंच त्यांची पाचावर धारण बसायची. पण एकदम कुणीच तुटून पडायचं नाही. एवढ्या लांब चोची घेऊन सगळ्या एकाच वेळी घुसल्या तर एकमेकींचे डोळे फुटायचे! म्हणून पाळी असायची. जिची पाळी, तिचं अंग पेटल्यासारखं व्हायचं. एरवी आम्ही करड्या-तपकिरी, पण पाळी आली की अंग निळंशार आणि त्यावर वरून खाली झळझळीत पट्टे. ते बघून बाकीच्या बाजूला व्हायच्या. माझी पाळी आली की मी मागून हळूच चोच थव्यात सरकवायची. इतकी हळू की तारल्यांना पत्ताही लागायचा नाही. आणि मग मान अशी झटकायची की बस! बहुतेक वेळा वार फुकटच जायचा, खोटं कशाला सांगू? पण दोन-चार तारल्यांचे खवले उडायचे, त्या मागे पडायच्या आणि मग जिला सापडेल तिनं खायच्या. माझ्या वारानं लंगडी झालेली तारली दुसरीनं पटकावली तरी भांडण नाही. पुढच्या खेपेला तिच्या वाराची मी खायची.

आणखी एक गंमत. मी मान नेहमी डावीकडेच झटकायची. उजवीकडे मला जमायचंच नाही. माझ्यासोबत पोहणारी दुसरी एक होती, तिचं सगळं उजवीकडे. थव्यात आम्ही दोन्ही प्रकारच्या असायचो, आणि तेच बरं होतं. सगळ्या एकाच बाजूनं झोडपणाऱ्या असत्या तर तारल्यांनी कुठे पळायचं ते केव्हाच ओळखलं असतं, आणि आम्ही बसलो असतो पाणी पीत.

शेवटच्या सकाळीही अशीच शिकार चालली होती. जवळच एक होडी होती. होडीत एक बाई होती, सगळे तिला मावशीच म्हणत. तिनं तारल्यांसाठी जाळं टाकलेलं, पण ते ओढायचं विसरून ती होडीच्या काठावर ओणवी होऊन आम्हाला बघत बसली होती. माझी पाळी आली. मी पेटले, शीड उभारलं, थव्यामागे गेले. थवा जाळ्यात शिरला आणि त्याच्यामागे मीही. हाव नडली, दुसरं काय! चोच जाळ्यात गुरफटली. आम्हाला पोहत राहिलं तरच श्वास मिळतो, आणि मला हलता येईना. मावशीनं स्वतःचं चांगलं जाळं सुरीनं कापलं, मला सोडवायची धडपड केली, पण उशीर झाला होता. तिच्या डोळ्यांदेखत माझे पट्टे विझत गेले. ती मोठ्यांदा रडली. माशासाठी रडणारी मासेवाली मी तरी दुसरी पाहिली नाही.

'एवढी देखणी बाई! हिचे तुकडे करून विकायचे? माझ्याच्यानं नाही होणार,' असं म्हणून तिनं मला ओल्या गोणपाटात गुंडाळलं आणि थेट संग्रहालयात आणून दिलं.

संग्रहालयाच्या मागच्या अंगाला, पाच-सहा पायऱ्या उतरून गेलं की कार्यशाळा होती. प्लॅस्टर, सरस, तुरटी आणि टर्पेंटाइनचा मिळून एक वास तिथे कायमचा मुक्कामाला असायचा. तिथे एक साचेकार काम करायचे. त्यांना सगळे मास्तर म्हणत. मेलेल्या प्राण्याची कातडी सोलायची, कमवायची, प्लॅस्टरचं अंग घडवून त्यावर ती परत चढवायची, हे त्यांचं काम. रंगकामाला मास्तरांच्या जोडीला त्यांची बायको असायची. माशाची कातडी वाळली की रंग उडून ती जुन्या चपलेसारखी दिसते. तिच्यावर पुन्हा रंग चढवावा लागतो. आणि कार्यशाळेच्या वर, दोन खोल्यांत त्यांचा संसार. त्यात तिसरी, त्यांची मुलगी. एका जागी ठरायची नाही म्हणून तिला मुंगी म्हणायचे.

मी तिथे आले तेव्हा मात्र मुंगी एका जागी बसलेली असायची. गप्प.

त्याचं कारण सांगते. मास्तर आणि त्यांची बायको एकच मासा एकाच वेळी रंगवायचे. खवल्यांची झिलई ओल्या रंगावर ओल्या रंगानंच चढते, म्हणून एकट्याचा हात पुरत नाही. दोघं शेजारी-शेजारी बसायची, एकाचा कुंचला पाठीवर, दुसऱ्याचा पोटावर, आणि दोन्ही उजवे हात एका तालात डोक्याकडून शेपटीकडे जायचे. तिथे तिसरा कुंचला मुंगीचा असावा, ही मास्तरांची फार इच्छा. आणि मुंगी निघाली डावरी! शेजारी बसली की तिचं कोपर आईच्या कोपरावर आदळायचं आणि रंग फासला जायचा. मास्तरांनी ठरवलं, हात बदलायचा. त्यांनी बायकोला मुंगीच्या झग्याला डावीकडे एक खोल खिसा शिवायला सांगितला. कार्यशाळेत पाऊल टाकलं की डावा हात त्या खिशात. तोंड वर करून विचारलं, तर 'सवय होईल' एवढंच उत्तर.

मास्तर वाईट नव्हते, मित्रांनो. मुलीला जवळ बसवायचं म्हणूनच तर सगळा खटाटोप. पण पोरीच्या उजव्या हातातून रेघ निघायची ती शाईत पडलेली माशी चालावी तशी. आधी ती फरशीवर, खोक्यांवर, हाताला लागेल त्या कागदावर चित्रं काढायची म्हणे. खिसा आला आणि चित्रं गेली. मग बडबडही गेली. कोपऱ्यातल्या खोक्यावर बसून ती मला बघत राहायची. मला पापण्या नव्हत्या, नाहीतर मी डोळे मिटून घेतले असते.

मास्तरांनी माझं अंग फार सुरेख घडवलं. शिडाच्या फाटलेल्या पडद्यामागे पातळ कापड चिकटवलं. मग चोच हातात घेतली. मुंगीला जवळ बोलावलं आणि म्हणाले, 'हात फिरव बघू. काय कळतं?'

तिनं उजवा हात फिरवला. 'एक बाजू खरखरीत आहे. ही बाजू गुळगुळीत.'

'शाब्बास! डावीकडचे दाते गेलेत. जाळ्यात घासले असणार. आता तिथे लांबीचा लगदा भरायचा आणि नवे दाते पाडायचे. दोन्ही बाजू सारख्या दिसल्या पाहिजेत.'

आणि त्यांनी भरली की लांबी! सुतारानं दाराची भोकं बुजवावीत तशी. बारीक कानशीनं एकेक खोटा दाता पाडला. सगळे 'वा वा' म्हणाले. मी काय म्हणणार? आयुष्यभर डावीकडे झटकून झटकून मी ती बाजू झिजवली होती. ती माझी कमाई होती हो! आणि या भल्या माणसानं ती जखम समजून बुजवून टाकली.

त्या कार्यशाळेत एक रिवाज होता. रंग लावण्याआधी, ज्यानं तो प्राणी जिवंत पाहिला असेल त्याला बोलवायचं, स्टुलावर बसवायचं आणि सांगायला लावायचं. याला ते साक्ष म्हणत. साक्ष झाल्याशिवाय कुंचला ओला करायचा नाही. माझ्या साक्षीला अर्थातच मावशी आली. हातात चहाचा कप, आणि बोलायला लागली ती थांबेचना.

'अहो मास्तर, काय सांगू! निळी म्हणजे कशी निळी, हात घातला तर बोटांना लागेल अशी. आणि पट्टे! एकेक पेटत जायचा. दुसऱ्या माशांची पाळी असली की ही विझायची, हिची आली की पुन्हा पेटायची. माझं जाळं तसंच राहिलं बघत बघत.'

'आणि मारायची कशी?' मास्तरांच्या बायकोनं विचारलं.

'मान झटकून. पण ही बाई नेहमी डावीकडेच झटकायची बरं का. एक दुसरी होती, ती उजवीकडे. मी म्हटलं, बघा, यांच्यातपण डावे-उजवे असतात!' असं म्हणून मावशी स्वतःच खो खो हसली.

खोक्यावरून आवाज आला. कित्येक दिवसांत न ऐकलेला.

'बाबा, म्हणून ती बाजू गुळगुळीत होती! जाळ्यानं नाही. तिनंच वापरून वापरून केली.'

मास्तरांनी मुंगीकडे पाहिलं, मग चोचीकडे. हात फिरवला. चहा पिऊन मावशी गेली तरी ते चोचीकडेच बघत होते. शेवटी म्हणाले, 'असेलही. पण आता राहू दे. झिजलेली चोच बघायला कोण येतंय? मासा कसा पुरता दिसला पाहिजे.'

मुंगी खोक्यावरून उतरून त्यांच्यापुढे येऊन उभी राहिली. डावा हात खिशातच होता.

'बाबा, मग मलापण लांबीच भरताय का तुम्ही?'

मास्तरांनी पुसलेलीच कानस पुन्हा पुसली आणि वर निघून गेले. आईनं लेकीला पोटाशी धरलं. पण खिसा तिनंच शिवला होता ना!

दुसऱ्या दिवशी नवंच लचांड उभं राहिलं. आजवर कार्यशाळेतला प्रत्येक मासा भिंतीवर लागायचा, एक बाजू लोकांकडे आणि दुसरी भिंतीकडे. लोकांकडे कायम डावी बाजू. भिंतीकडची बाजू नुसती राखाडी फासून द्यायची, तिला कोण विचारतो? पण संग्रहालयाचे साहेब आले आणि म्हणाले, 'हा मासा नव्या दालनात मधोमध टांगायचा. लोकांनी भोवती फिरून बघितला पाहिजे. दोन्ही बाजू रंगवाल ना?'

'होऊन जाईल,' मास्तर म्हणाले. उचलली जीभ लावली टाळ्याला.

'नसेल जमत तर आत्ताच सांगा. बाहेरून रबराचा मागवू.'

रबराचा! माझ्या जागी रबराचा मासा! लहान मुलांच्या टबात पोहणारा! प्लॅस्टरच्या अंगावर काटा येत नाही, म्हणून माझी अब्रू वाचली.

पहिली बाजू, म्हणजे आता खिडकीकडे आहे ती, दोघांनी झकास केली. त्या बाजूनं बघितलं तर माझं डोकं डावीकडे आणि शेपूट उजवीकडे येते. उजव्या हातांना डावीकडून उजवीकडे कुंचला ओढणं म्हणजे रोजचंच काम. मग मला फिरवलं. आता डोकं आलं उजवीकडे. इथे घोडं अडलं! उजव्या हातानं उजवीकडून डावीकडे कुंचला ढकलत न्यावा लागे, आणि रंगाची झिलई अशी उठे, जणू मांजराच्या अंगावरून उलटा हात फिरवलाय. पुसलं. पुन्हा केलं. पुन्हा पुसलं. मग मास्तरांनी मला चक्क उलटं टांगलं, पोट वर आणि शीड खाली. तसं डोकं डावीकडे आलं खरं, पण वाळलेलं शीड स्वतःच्याच वजनानं तडकायला लागलं, तेव्हा घाईघाईनं सुलटं केलं. रागानं मास्तरांनी कुंचला आपटला. साहेबांना काय सांगायचं, ते त्यांना कळेना.

तेव्हा त्यांची बायको म्हणाली, 'अहो, एक बोलू? आपल्या घरात उजवीकडून डावीकडे कुंचला ओढणारं एक माणूस आहे.'

'लहान आहे ती. एवढा मोठा मासा तिच्या हाती द्यायचा? हात दाखवून अवलक्षण कशाला!'

'हात दाखवू तरी द्या तिला.'

मास्तरांनी आपटलेला कुंचला उचलून पुसला. मग त्यांनी हाक मारली, 'मुंगे!' ती आली. ते खाली गुडघ्यांवर बसले आणि तिच्या झग्याच्या खिशात स्वतःचा हात घालून त्यांनी तिचा हात बाहेर काढला. घामेजला होता तो, आणि एवढ्या दिवसांच्या कोंडवाड्यानं बोटं आखडली होती. त्यांनी ती चोळली. त्यात कुंचला दिला. आणि मग, मित्रांनो, मास्तरांनी काय करावं? रंगाची पाटी स्वतःच्या हातात धरून ते पोरीच्या मागे उभे राहिले, मदतनिसासारखे.

मुंगीनं कुंचला ओढला. डोक्यापासून शेपटीपर्यंत, एका दमात, उजवीकडून डावीकडे. रेघ अशी उतरली की मला पाण्याचा स्पर्श आठवला. खरं सांगते, त्या घटकेला मी पोहले.

'आई, बघितलंस? हा तर माझ्या डाव्या हाताचा मळ!' पोरगी ओरडली. आई हसता हसता रडायला लागली. ती बाजू मग मुंगीनं आणि आईनं मिळून केली. आई पलीकडे बसून पट्ट्यांचे ठिपके देत होती आणि कुणाचं कोपर कुणाला लागत नव्हतं. मावशीनं सांगितलेला निळा त्या दोघींनी वाटीत घोटून घोटून काढला. मास्तर कधी पाटी धरायचे, कधी नुसतेच बघायचे.

सगळं झाल्यावर त्यांनी कानस घेतली आणि माझ्या चोचीपाशी आले. एकेक करून ते खोटे दाते घासून काढले, सगळी लांबी खरवडली, आणि माझी झिजलेली बाजू होती तशी उघडी केली. मग लेकीला म्हणाले, 'चुकलंच माझं. माझाही हात असाच बदलला होता ग, लहानपणी. मला वाटलं, असंच करायचं असतं.'

बाप आपल्या मुलीपुढे एवढं बोलला, हे मी ऐकलंय. खिसा कुठे गेला ते मला माहीत नाही. मी तो पुन्हा पाहिला नाही.

दालन उघडलं तेव्हा काय गर्दी! लोक माझ्याभोवती फिरत होते, मुलं खालून बोटं दाखवत होती. मावशी नवी साडी नेसून आली आणि 'माझ्या होडीत आली होती ही' असं ओळख-अनोळख न बघता सांगत सुटली. साहेबांनी मास्तरांची पाठ थोपटली. मास्तर म्हणाले, 'दाराकडची बाजू माझ्या मुलीची आहे.' तो दिवस माझ्या या दुसऱ्या जन्मातला सगळ्यात गोड दिवस. अशा कितीतरी सुट्ट्या, कितीतरी सहली मग आल्या. मुंगी मोठी झाली, कार्यशाळेत तिसरा कुंचला झाली. तिघं मिळून कासवं रंगवायची, बगळे रंगवायची, आणि जेवणाच्या सुट्टीत मुंगी दालनात येऊन माझ्याखाली डबा खायची.

पण कौतुक म्हणजे पाहुणा, कधीतरी निघून जाणारच. इकडे संग्रहालयात चालतीबोलती चित्रं आणि काय काय आलं, आणि एका जागी टांगलेल्या मासोळीला कोण विचारतो? शिडावर धूळ बसली. खिडकीचा पडदा फाटला तो कुणी बदललाच नाही. दुपारचं ऊन रोज माझ्या एकाच अंगावर पडायचं. एक वर्ष मास्तर दिसेनासे झाले. मग त्यांची बायको. कुणी येऊन सांगितलं नाही, पण मुंगी माझ्याखाली डबा न उघडता नुसतीच बसून राहायला लागली, तेव्हा काय समजायचं ते मी समजले. खिडकीकडची बाजू फिकटत फिकटत अशी झाली की पट्टे दिसेनात. दाराकडची सावलीत होती, ती तेवढी निळी राहिली. लोक म्हणायचे, 'अर्धा रंगवून सोडलाय वाटतं.' फार लागायचं ते मला. त्या दोघांनी किती मन लावून केली होती ती बाजू!

मागच्याच महिन्यात माझ्याभोवती लाकडी परांची उभी राहिली. मुंगीच आली वर. आता केस पांढरे झालेत तिचे, गुडघे कुरकुरतात, आणि कार्यशाळेत सगळे तिला बाई म्हणतात. हाताखालचा एक जण म्हणाला, 'बाई, फवारणीच्या यंत्रानं करू या का? जेवायच्या आत संपेल.'

'जेवण कुठे पळून जातंय? जा, जेवून ये,' ती म्हणाली.

ती एकटी राहिली. कापसानं तिनं माझ्यावरची धूळ टिपली. नवा पडदा आधीच लावून घेतला होता. मग वाटीत निळा घोटला आणि डाव्या हातात कुंचला घेतला. एक रेघ ओढली. उलटी उठली. त्या बाजूला डावा हात चालत नाही, तुम्हाला माहीतच आहे. तिनं ती पुसली. मला वाटलं, आता हिनं दुसऱ्या कुणाला तरी बोलवावं. कार्यशाळेत उजव्या हाताची चांगली माणसं होती.

तिनं कुंचला उजव्या हातात घेतला.

त्या हातानं ती कधीच रंगवत नसे. पहिलीतल्या पोरानं पेन्सिल धरावी तसा तिनं तो मुठीत आवळून धरला. तिनं दात ओठांवर रोवून कुंचला डोक्यापासून शेपटीकडे न्यायला सुरुवात केली, हळूहळू, बापाच्या तालात. रेघ डुगडुगत गेली. तिनं ती पुसली नाही. दुसरी ओढली, तिसरी ओढली. सगळी बाजू तिनं त्याच हातानं केली, कित्येक दिवस घालवून. शेवटचा पट्टा देताना ती माझ्याशी नाही, दुसऱ्याच कुणाशी तरी बोलली.

'बाबा, आई, तुमची बाजू तुमच्याच हातानं केली बघा. वाकडी झाली असेल तर रागवायला या.'

मग परांचीवर बसून तिनं तोच कुंचला तीनतीनदा धुतला. रागवायला कुणी आलं नाही.

मित्रांनो, दालनात आलात तर खिडकीचा पडदा ओढून घ्या, ऊन मला सोसत नाही. दोन्ही बाजूंनी फिरून मला बघा. आणि खिडकीकडच्या बाजूचे पट्टे वाकडे दिसले, तर हसू नका.